एक्स-रे यंत्राच्या परवान्याचे नूतनीकरण : सांगलीतील एका तंत्रज्ञ महिलेचा अनुभव

खासगी रुग्णालयाच्या दर्शनी भिंतीवर जी प्रमाणपत्रे चौकटीत लावलेली असतात, त्यांपैकी बहुतेकांचे काम गावातल्या गावात उरकते. शुश्रूषागृहाची नोंदणी सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेकडे होते, सोनोग्राफी यंत्राची नोंदणीही तिथल्याच आरोग्य अधिकाऱ्यांकडे होते आणि जैववैद्यकीय कचऱ्याची संमती प्रदूषण नियंत्रण मंडळाकडून मिळते. एक्स-रे यंत्राचा परवाना मात्र जिल्हा शल्यचिकित्सकही देत नाहीत आणि राज्याचे आरोग्य खातेही देत नाही. तो मुंबईतील अणुशक्तीनगरच्या नियामक भवनातून, म्हणजे अणुऊर्जा नियामक मंडळाकडून येतो, कारण क्ष-किरण निर्माण करणारे प्रत्येक यंत्र अणुऊर्जेविषयीच्या कायद्याच्या आणि किरणोत्सर्ग संरक्षण नियमांच्या कक्षेत येते. ज्या कायद्याखाली अणुभट्ट्या चालतात, त्याच कायद्याखाली आमच्या हाडांच्या दवाखान्यातली, मनगटाची आणि गुडघ्याची चित्रे काढणारी खोली येते, हे सांगितले की नव्याने कामाला लागलेल्या मुलांना गंमत वाटते.

मी विश्रामबाग परिसरातील एका अस्थिरोग रुग्णालयात एक्स-रे तंत्रज्ञ म्हणून काम करते आणि तिथली किरणोत्सर्ग सुरक्षा अधिकारी, म्हणजे आरएसओ, म्हणूनही माझीच नियुक्ती आहे. आमच्याकडे एक स्थिर एक्स-रे यंत्र आणि शस्त्रक्रियागृहात एक सी-आर्म, म्हणजे शस्त्रक्रिया चालू असताना हाडाचे चित्र पडद्यावर दाखवणारे एक्स-रे यंत्र, आहे. दोन्हींचे परवाने स्वतंत्र असतात आणि दोन्हींची मुदत पाच वर्षांची असते. स्थिर यंत्राचा परवाना २०२० साली मिळाला होता, त्यामुळे २०२५ मध्ये त्याचे नूतनीकरण करणे आले. त्याविषयी लिहीत आहे, कारण या कामाबद्दल आमच्या भागातील लहान दवाखान्यांमध्ये दोन टोकांचे समज आढळतात. काहींच्या मते हे केवळ ऑनलाइन अर्जाचे काम आहे, तर काहींच्या मते ते इतके किचकट आहे की एजंटाशिवाय होणारच नाही. माझ्या मते अर्ज हा त्यातला सर्वांत सोपा भाग आहे. अर्जात जे विचारले जाते, ते पाच वर्षे खोलीत घडत आलेले असावे लागते, आणि ते घडले की नाही हे यंत्राजवळ उभ्या राहणाऱ्या माणसालाच ठाऊक असते.

मंडळाची सर्व परवाना प्रक्रिया ‘ई-लोरा’ या ऑनलाइन प्रणालीतून चालते. तिथे संस्थेचे खाते असते, त्यात मालकाचा, म्हणजे नियोक्त्याचा तपशील, यंत्रांची यादी आणि किरणोत्सर्गाशी संबंधित कर्मचाऱ्यांची नावे नोंदलेली असतात. आमचे हे खाते मागच्या वेळी एका बाहेरच्या सल्लागाराने उघडून दिले होते आणि त्याने नोंदणीत रुग्णालयाच्या ऐवजी स्वतःचा ई-मेल आणि स्वतःचाच मोबाइल क्रमांक घातला होता. त्यामुळे पासवर्ड बदलायला गेले की ओटीपी त्याच्याकडे जाई, आणि तो गृहस्थ तोवर हा व्यवसाय सोडून पुण्याला निघून गेला होता. खाते आपल्या ताब्यात घेण्यासाठी रुग्णालयाच्या लेटरहेडवर, डॉक्टरांच्या सहीशिक्क्यानिशी मंडळाकडे अर्ज पाठवावा लागला आणि ते मार्गी लागेपर्यंत पुढचे काहीच करता आले नाही. मुदत संपायला बराच अवधी बाकी असताना सुरुवात केली होती म्हणून हे निभावले. सल्लागार नेमण्याला माझा विरोध नाही, पण खाते कोणाच्या नावाचे आहे आणि ओटीपी कोणाच्या फोनवर येतो, एवढे तरी डॉक्टरांनी स्वतः पाहून घ्यावे असे मला वाटते. परवान्याखालची जबाबदारी त्यांच्या नावावर असते, सल्लागाराच्या नावावर नव्हे.

नूतनीकरणाचा खरा कणा म्हणजे गुणवत्ता चाचणी, जिला आम्ही सगळे क्यूए म्हणतो. मंडळाने मान्यता दिलेल्या संस्थेकडूनच ती करून घ्यावी लागते. दर दोन वर्षांनी तर ती करायचीच असते, शिवाय यंत्रात मोठी दुरुस्ती झाली किंवा यंत्र हलवले तरीही करायची असते. आमच्याकडे हे यंत्र हलवण्याचा प्रसंग आलेला आहे. २०१९ च्या महापुरात आयर्विन पुलाजवळ कृष्णेची पातळी ५७ फुटांच्या वर गेली होती, म्हणजे ४५ फुटांच्या धोका पातळीच्या कितीतरी वर, आणि त्या वेळी गावभागातील अनेक दवाखान्यांची तळमजल्यावरील यंत्रे पाण्याखाली गेलेली आम्ही पाहिली होती. त्यामुळे २०२१ च्या जुलैत पुन्हा पाणी चढू लागले, तेव्हा आमच्या डॉक्टरांनी किरण निर्माण करणारी ट्यूब आणि तिला वीज पुरवणारा जनरेटर उतरवून वरच्या मजल्यावर नेण्याचा निर्णय घेतला. पाणी ओसरल्यावर यंत्र जागेवर बसवून त्याची क्यूए करून घेतली होती आणि तो अहवाल फाइलमध्ये होता. पूर येणाऱ्या गावात यंत्र उचलून नेणे ही अपरिहार्य गोष्ट आहे, पण उचललेले यंत्र जागेवर ठेवले म्हणजे ते पूर्वीसारखेच झाले असे होत नाही.

या वेळच्या चाचणीसाठी कोल्हापूरहून एक तरुण अभियंता आला होता. अशा चाचण्यांचे दोन प्रकार मी पाहिले आहेत. एका प्रकारात दोन-तीन एक्स्पोजर देऊन, म्हणजे दोन-तीनदा किरण सोडून, चहा होतो आणि अहवाल नंतर मेलवर येतो. दुसऱ्या प्रकारात अर्धा दिवस मोडतो आणि रुग्णांना थांबवून ठेवावे लागते. हा दुसऱ्या प्रकारातला होता. त्याने प्रथम किरण मोजणारा मीटर टेबलावर ठेवून वेगवेगळ्या के.व्ही.ला, म्हणजे ट्यूबच्या वेगवेगळ्या विद्युत दाबाला, एक्स्पोजर द्यायला सांगितले, कारण पॅनेलवर ७० दिसत असले तरी ट्यूबला प्रत्यक्ष ७० मिळतात की नाही हे तपासावे लागते, आणि पाच के.व्ही.पेक्षा जास्त फरक चालत नाही. मग टायमर पाहिला, त्यानंतर एकच एक्स्पोजर अनेकदा देऊन दर वेळी तितकेच किरण बाहेर पडतात का ते पाहिले, आणि एम.ए.एस., म्हणजे ट्यूबमधला विद्युत प्रवाह व वेळ यांचा गुणाकार, दुप्पट केल्यावर किरणही दुप्पट होतात का तेही पाहिले. ट्यूबच्या तोंडाशी ॲल्युमिनियमची गाळणी पुरेशी आहे का, याचीही तपासणी होते. कमी ऊर्जेचे किरण शरीरात शिरून तिथेच जिरतात, चित्राला त्यांचा काही उपयोग नसतो आणि रुग्णाच्या त्वचेला मात्र ते लागतात, म्हणून ते आधीच अडवायचे असतात.

ट्यूबच्या आवरणातून होणारी गळती मोजताना त्याने कॉलिमेटर, म्हणजे किरणांचा झोत हवा तेवढाच उघडणारी ट्यूबखालची पेटी, पूर्ण बंद करून त्याखाली शिशाचा पत्रा धरला आणि ट्यूबपासून एक मीटरवर चारही बाजूंना व वरच्या बाजूला मीटर ठेवून नोंदी घेतल्या. नियमाने ही गळती एका मीटरवर तासाला एक मिलिग्रेपेक्षा (हे किरणांची मात्रा मोजण्याचे एकक) जास्त असता कामा नये. पुरानंतर पुन्हा बसवलेल्या ट्यूबबद्दल माझ्या मनात जी शंका होती ती इथे फिटली, आकडा मर्यादेच्या बराच खाली आला.

अडचण निघाली ती मला अपेक्षित नसलेल्या ठिकाणी. कॉलिमेटरमधला दिवा लावला की टेबलावर जो प्रकाशाचा चौकोन पडतो, त्यावरून आम्ही किरण कुठे पडणार हे ठरवतो. हा प्रकाश दिव्याचा असतो आणि तो आरशावरून परावर्तित होऊन खाली येतो, तर क्ष-किरण त्याच आरशातून सरळ आरपार जातात. दोन्ही एकाच बिंदूतून निघाल्यासारखे भासावेत अशी त्यांची मांडणी असते. अभियंत्याने, एक्स-रेचे चित्र जिच्यात उमटते त्या कॅसेटवर, खुणा असलेली पितळी पट्टी ठेवली, प्रकाशाचा चौकोन तिच्यावरील आयतावर बरोबर जुळवला, वर पोलादी गोळ्यांची नळी उभी केली आणि एक्स्पोजर दिले. कॅसेट वाचल्यावर दिसले की नळीतल्या वरच्या व खालच्या गोळीच्या सावल्या व्यवस्थित जवळ होत्या, म्हणजे किरण तिरपे पडत नव्हते, पण किरणांचा चौकोन प्रकाशाच्या चौकोनापेक्षा एका बाजूला सुमारे तीन सेंटिमीटर सरकला होता. एक मीटर अंतरावर दोन टक्के, म्हणजे दोन सेंटिमीटरपर्यंतच फरक चालतो.

“मॅडम, मध्यंतरी कॉलिमेटर कोणी उघडला होता का?” असे त्याने विचारले, तेव्हा लॉगबुक काढले. काही महिन्यांपूर्वी दिव्याचा बल्ब गेला होता आणि तो एका स्थानिक मेकॅनिकने बदलून दिला होता, अशी नोंद सापडली. बल्ब बदलताना त्याची तार पूर्वीच्या जागेपासून किंचित जरी हलली, तरी प्रकाशाचा चौकोन सरकतो. किरण मात्र जिथल्या तिथे असतात. बल्ब बदलणे ही कोणाच्याही दृष्टीने दुरुस्ती नव्हती, म्हणून त्यानंतर जुळणी तपासून घ्यावी असे कोणाला वाटले नाही. असे यंत्र बंद पडत नाही, चित्रेही निघत राहतात. फक्त एका बाजूची कडा कापली जाते, मग ती कापली जाऊ नये म्हणून वापरणाऱ्याचा हात आपसूक चौकोन थोडा मोठा उघडू लागतो आणि ज्या भागाची चित्रात गरज नाही त्यालाही किरण लागत राहतात. लहान मुलाच्या मांडीचे चित्र घेताना या तीन सेंटिमीटरांना फार अर्थ असतो.

कंपनीच्या अभियंत्याला बोलावून बल्बची बैठक नीट करून घेतली, जुळणी पुन्हा तपासली आणि ती एका सेंटिमीटरच्या आत आल्यावरच अहवाल पूर्ण झाला. मध्यंतरी डॉक्टरांनी रुग्णांना एक्स-रेसाठी बाहेर पाठवले, त्यात जत आणि कवठेमहांकाळहून आलेल्या लोकांची गैरसोय झाली. “ताई, उजेड थोडा सरकलाय एवढंच ना, काम थांबवायला हवं का?” असे रिसेप्शनवरच्या मुलाने मला विचारलेही. डॉक्टरांना मी कॅसेटवरचे चित्र दाखवले आणि त्यांनी त्याला स्वतःच गप्प केले.

खोलीचे सर्वेक्षण त्या मानाने लवकर झाले. टेबलावर पाण्याने भरलेला डबा रुग्णाच्या जागी ठेवून एक्स्पोजर देतात आणि कंट्रोल पॅनेल, दरवाजा, बाहेरचा बाक, शेजारची खोली अशा ठिकाणी मीटरने वाचन घेतात. रोजच्या कामाचा भार हिशेबात धरून तिथल्या माणसाला आठवड्याला किरणांची किती मात्रा लागेल ते काढले जाते. जिथे आम्ही उभे राहतो तिथली मर्यादा वेगळी आणि जिथे रुग्णाचे नातेवाईक बसतात तिथली वेगळी, कारण किरणोत्सर्गात काम करणाऱ्याला पाच वर्षांच्या सरासरीने वर्षाला २० मिलिसिव्हर्ट (माणसाच्या अंगाला लागलेली मात्रा मोजण्याचे एकक) चालतात, सर्वसामान्य माणसाला फक्त एक. आमच्या नऊ इंची विटांच्या भिंतींबाबत काही प्रश्न आला नाही. दारातल्या शिशाच्या पत्र्याबद्दल मात्र अभियंत्याने सांगून ठेवले की शिसे मऊ असल्यामुळे वर्षानुवर्षांत ते स्वतःच्या वजनाने खाली बसते आणि वरच्या कडेला फट पडते. आमच्या दारात ती अजून पडलेली नाही, पण लक्ष ठेवावे. दारावरचा लाल दिवा आणि गरोदर स्त्रियांसाठीची सूचनाही पाहिली गेली. ही सूचना स्थानिक भाषेत असावी लागते. आमच्याकडे अथणी, चिक्कोडी भागातले रुग्ण बरेच येतात, म्हणून मराठीच्या खाली ती कानडीतही लिहून घेतलेली आहे.

शिशाचे ॲप्रनही याच वेळी तपासले. ॲप्रन कॅसेटवर पसरून त्याचेच चित्र काढले की आतली चीर स्पष्ट दिसते. शस्त्रक्रियागृहातला एक ॲप्रन कमरेच्या रेषेत फाटलेला निघाला, कारण तिथे तो अडकवण्याऐवजी घडी करून स्टुलावर टाकण्याची पद्धत पडली होती. बाहेरचे कापड नवे असल्याने ते कोणाच्या ध्यानात येण्यासारखे नव्हते. तो बाद केला आणि तिथे लांब दांडीचे हँगर बसवून घेतले.

यानंतरचा विषय टीएलडी बॅजचा. छातीवर लावण्याच्या या बॅजमध्ये तीन चकत्या असलेले एक कार्ड असते. ते दर तीन महिन्यांनी मान्यताप्राप्त प्रयोगशाळेकडे पाठवायचे आणि त्यांनी पाठवलेले नवे कार्ड लावायचे. कार्ड तापवल्यावर चकत्यांमधून जो प्रकाश बाहेर पडतो त्यावरून त्या तिमाहीत किती मात्रा लागली हे कळते. प्रत्येक कर्मचाऱ्याला एक व्यक्तिगत क्रमांक असतो आणि नोकरी बदलली तरी तो तोच राहतो, म्हणजे माणसाच्या आयुष्यभराच्या मात्रेचा हिशेब एका जागी जमा होत जातो. अर्जात या सगळ्यांची नावे आणि क्रमांक जोडावे लागतात, आणि आमचा अर्ज एकदा परत आला तो इथेच. मिरजेच्या एका रुग्णालयातून आमच्याकडे आलेल्या कनिष्ठ तंत्रज्ञ मुलीचे नाव जुन्या संस्थेच्याच यादीत राहिले होते आणि त्या संस्थेने तिला प्रणालीत मुक्त केल्याशिवाय ते आमच्या यादीत चढत नव्हते. तिथल्या व्यवस्थापकांना दोन-तीनदा फोन केल्यावर त्यांनी ते करून दिले. हीच मुलगी पुढे गरोदर राहिली, तेव्हा तिने ते ताबडतोब लेखी कळवावे असा मी आग्रह धरला. एकदा कळवले की उरलेल्या काळात गर्भाला एक मिलिसिव्हर्टपेक्षा जास्त मात्रा लागू नये, अशी व्यवस्था करणे ही संस्थेची जबाबदारी ठरते. तिला सी-आर्मच्या कामातून पूर्णपणे वगळले आणि तशी नोंद ठेवली.

पाच वर्षांचे मात्रा-अहवाल एकत्र लावून पाहताना एक गोष्ट फार खटकली. माझ्या आणि इतर तंत्रज्ञांच्या नावापुढे लहानसे का होईना, काही आकडे होते. डॉक्टरांच्या नावापुढे मात्र बहुतेक तिमाह्यांत शून्य होते. आम्ही एक्स्पोजर देताना आडोशामागे उभे राहतो. डॉक्टर मांडीच्या हाडात सळई घालताना सी-आर्मखाली रुग्णापासून हातभर अंतरावर उभे असतात आणि उसाच्या हंगामात, ट्रॅक्टर-ट्रॉलीच्या अपघातांमुळे, अशा शस्त्रक्रिया एकामागून एक होतात. मग शून्य त्यांच्या नावावर कसे? उत्तर त्यांच्या केबिनच्या खणात होते. बॅज तिथेच पडून असे आणि तिमाही संपली की मावशी तो आणून माझ्याकडे देत.

कागदोपत्री पाहणाऱ्याला शून्य म्हणजे उत्तम वाटते, आणि खरे सांगायचे तर अर्ज त्या शून्यावरही मंजूर झाला असता. याच्या उलटही घडते. कोणी बॅज ॲप्रनसकट एक्स-रेच्या खोलीत टांगून ठेवला, तर तो कोणाच्याही अंगाला न लागलेली मात्रा मोजत बसतो आणि मग खुलासा मागणारे पत्र येते. ते पत्र निदान येते तरी. खणातल्या बॅजबद्दल कोणीही पत्र पाठवत नाही. मी पाच वर्षांचा तक्ता छापून डॉक्टरांपुढे ठेवला. त्यांनी तो बराच वेळ पाहिला आणि विचारले, “म्हणजे माझ्या अंगाला किती लागलं, हे आता कळायला मार्गच नाही?” मी म्हटले, “मागचं नाही कळणार, सर.” दुसऱ्या दिवसापासून शस्त्रक्रियेची तयारी करणाऱ्या सिस्टरांच्या यादीत ‘ॲप्रन’ या नोंदीनंतर ‘डॉक्टरांचा बॅज’ ही नोंद घातली. बॅज ॲप्रनच्या आत, छातीवर लावायचा असतो, हेही तेव्हाच सर्वांना सांगितले, कारण भूलतज्ज्ञ तो ॲप्रनवर बाहेरून लावत असत.

हे सगळे हाती आल्यावर अर्ज भरायला एक दुपार पुरली. यंत्राचा तपशील आधीपासूनच खात्यात होता, क्यूएचा अहवाल आणि खोलीचा आराखडा चढवला, आरएसओ म्हणून माझ्या नियुक्तीची मुदत शिल्लक आहे याची खात्री केली आणि नियोक्ता म्हणून डॉक्टरांकडून घोषणापत्रे तपासून घेतली. आराखड्यात जुनी डार्करूम अजून दाखवलेली होती. सीआर प्रणाली, म्हणजे कॅसेटवरचे चित्र फिल्मशिवाय संगणकात वाचणारी प्रणाली, आल्यापासून तिथे फिल्म धुतली जात नाही, रुग्ण तिथे कपडे बदलतात. म्हणून आराखडा नव्याने काढून घेतला, कारण भिंतीपलीकडे कोण असते यावरच सर्वेक्षणाचा हिशेब अवलंबून असतो. कनिष्ठ तंत्रज्ञ मुलीच्या नावाची अडचण सुटल्यावर परवाना मंजूर झाल्याचा मेल आला. परवाना डिजिटल स्वरूपातच मिळतो. तो छापून एक प्रत कंट्रोल पॅनेलजवळ आणि एक फाइलमध्ये लावली.

कॉलिमेटरच्या झाकणावर मी आता एक पट्टी चिकटवली आहे : ‘बल्ब बदलल्यास जुळणी तपासल्याशिवाय यंत्र वापरू नये.’ पितळी पट्टी आणि गोळ्यांची नळी आम्ही विकत घेतली असून दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी, रुग्ण यायच्या आधी, ती टेबलावर ठेवून एक चित्र काढतो. सी-आर्मच्या परवान्याची मुदत पुढच्या वर्षी संपते. त्याच्या क्यूएची तारीख मागितली आहे, आणि त्या दिवशी शस्त्रक्रिया ठेवू नयेत असे डॉक्टरांनी आधीच सिस्टरांना सांगून ठेवले आहे.